दादा ऊसतोडीच्या फडात

४ जानेवारी, रविवार
दादांची, माझ्या थोरल्या भावाची, माफी मागून सुरुवात करतो. ही वही त्यांनी पाडव्याला दिली होती. "रोज दोन ओळी लिही, डोकं ठिकाणावर राहतं," म्हणाले. फौजेतली त्यांची सवय. मी नऊ महिने कोरीच ठेवली. सातवी नापास माणूस काय लिहिणार. आता उशिरा लिहितोय, कारण बोलायला कुणी नाही.
काल तलाठी आला. बुजलेले शेतरस्ते मोकळे करायचे म्हणून निजामाच्या वेळचा नकाशा चावडीत पसरला. आमच्या रानातून दोन तुटक रेघा थेट मागच्या शेजाऱ्याच्या, गहिनीनाथच्या रानापर्यंत. गाडीवाट. दादांनी तिच्यावर बोट ठेवलं ते उचलेचनात. मी भिंतीकडं बघत बसलो.

५ जानेवारी
सकाळीच दादा दारात. बसले नाहीत.
"किसन, तू मारुतीसमोर बेलभंडारा उचललाता."
"उचललाता."
"दोनदा विचारलं होतं मी. सख्खा भाऊ हाय म्हणून दोनदा."
म्हणालो, "नकाशा जुना हाय दादा. उंदरानं खाल्लेला."
"उंदरानं कोपरा खाल्लाय. वाट न्हाई खाल्ली."
सुनेनं चहा आणेपर्यंत गेले.

६ जानेवारी
बी.पी.ची गोळी दोनदा घेतली की काय, आठवत नाही.
लिहूनच टाकतो. वाट होती. लहानपणी मी त्याच वाटेनं गहिनीनाथच्या बापाच्या गाडीत बसून गेलेलो आहे. दरसाल नांगर थोडा थोडा आत घेत गेलो. एका साली वाट राहिलीच नाही. गहिनीनाथ तंटामुक्तीत गेला. अध्यक्ष दादा.
दादांचा शब्द म्हणजे काय, हे आमच्या गावात सांगावं लागत नाही. अठराव्या वर्षी फौजेत गेले, लढाईत मांडीला गोळी लागली, सुभेदार होऊन आले. मग जिल्हा परिषदेचे मेंबर. शिरूरहून डांबरी सडक त्यांनी आणली, आणि ती स्वतःच्या दारावरून नेली नाही. मग न्यायनिवाडा. कोर्टात जाणारी भांडणं त्यांनी चावडीतच मिटवून माणसं घरी धाडली.
त्यांनी मला विचारलं, मी बेल आणि भंडारा हातात घेऊन सांगितलं, वाट कधीच नव्हती. पुन्हा विचारलं. पुन्हा तेच. अठरा वर्षं झाली.
निकाल ऐकून गहिनीनाथ एवढंच म्हणाला, "मेंबर, तुमच्याकडं बघून गप बसतो." दोन सालं त्यानं खताची पोती डोक्यावर नेली. मग रान पडीक टाकलं. तेव्हापासून दर दसऱ्याला नवरा-बायको ऊस तोडायला जातात.

८ जानेवारी
दादा गेले.
पहाटेच्या एस.टी.नं. खांद्याला फौजेतली पिशवी. स्टँडवर कुणीतरी म्हणालं, "काय मेंबर, कोयता घ्यायचा राहिला का?" तर म्हणाले, "तिकडं देतेत बे. तू कावून काळजी करतो?" हे मला दुपारी कळलं. मला सांगून गेले नाहीत.
गहिनीनाथची टोळी फलटणकडं कुठंतरी आहे, एवढंच गावाला माहीत. दादांना ब्याऐंशी सुरू आहे. शुगर आहे. फोन घरीच चार्जिंगला तसाच.

९ जानेवारी
वहिनीकडं गेलतो. तांदूळ निवडत होत्या, मान वर केली नाही.
"लढाईला गेले तवा सांगून गेलते. आता पिशवी दिसंना म्हणून कळलं." मग म्हणाल्या, "भाऊजी, तुमाला म्हाईत हाय कावून गेले ते."
मी म्हणालो, "न्हाई बा."
हे तिसऱ्यांदा. बेल न उचलता.

१२ जानेवारी
काही कळत नाही. दोन मुकादमांना फोन लावले. एक म्हणाला, "म्हातारं माणूस? हितं म्हातारीबी कामाला हायेत, कोणतं सांगू?" दुसऱ्यानं उचललाच नाही.

१५ जानेवारी
रानात गेलो. जिथून वाट जात होती तिथली ज्वारी उपटायला लागलो. कणसं भरात आहेत. गाडी जाईल एवढी रुंदी पावलांनी मोजली. तीन ओळी झाल्या तोवर कंबर धरली. महादेव पळत आला. माझा थोरला.
"आबा, येडं लागलं का तुमाला?"
"वाट हाय ही."
"कुणाची?"
"गहिनीनाथची."
"सातबाऱ्यावर नाव कुणाचं हाय?"
त्याचंच. मागच्या साली मीच करून दिलं. तो ओरडला नाही. उपटलेल्या ज्वारीची पेंढी बांधून बैलापुढं टाकली आणि मला मोटारसायकलवर बसवून घरी आणलं. आता सून मला रानात एकटं जाऊ देत नाही. लेकरासारखं झालंय माझं.

२१ जानेवारी
निरोप आला. आमच्या गावचा अंकुश ट्रॅक्टरवर ड्रायव्हर आहे, गहिनीनाथच्याच टोळीला. आजारी आईला बघायला आलाय. म्हणाला, दादा तिथंच पाचटाच्या कोपीवर राहतेत. दिवसा बायांची लहान लेकरं सांभाळतेत, त्यांना एक-दोन एक-दोन करत चालायला लावतेत. सगळे हसतेत.
"गहिनीनाथ काय म्हणाला?"
"काय म्हणंल? मेंबरनी हात जोडले, पंच चुकला म्हणाले. गहिनीनाथ म्हणतो, आता वाट देऊन काय करू, बैल इकून धा वर्सं झाली. घरी जावा म्हणतो. मेंबर जाईनात."
"कावून?"
"तुमच्यासाठी निरोप हाय, काका. किसनला इचार म्हणाले, चूक माझी हाय का त्याची. तेवढं कळलं की गहिनीनाथशी काय बोलायचं ते मला समजंल."
अंकुश माझ्या तोंडाकडं बघत होता. मी म्हणालो, लिहून देतो.

२२ जानेवारी
चार पानं फाडली. "पोटासाठी" लिहिलं, खोडलं. पोट भरलेलं होतं. "आठवण राहिली नव्हती" लिहिलं, तेही खोडलं. शेवटी जे दिलं त्याची नक्कल:
दादा, चूक माझी. वाट होती. मी दोन्हीदा खोटं बोललो. तुमचा निकाल माझ्या शब्दावर होता. हे गहिनीनाथला वाचून दाखवा. किसन.
वहिनींनी गोळ्या दिल्या त्याही अंकुशकडं दिल्या. त्यानं चिठ्ठी न वाचता वरच्या खिशात घातली. सही करायची राहिली का, याचा घोर लागलाय. नाव तर लिहिलंय.

२४ जानेवारी
महादेवला सांगितलं सगळं. त्यानं पुढ्यातलं ताट बाजूला सारलं. मग म्हणाला, "आता कशाला सांगितलं? मला म्हाईत नव्हतं तेच बरं होतं." जेवला नाही. वाट सोडतो म्हणाला नाही, सोडत नाही असंही म्हणाला नाही.

३१ जानेवारी
अंकुशला पोचून आठ दिवस झाले. फोन लागतो, उचलत नाही. एकदा उचलला, नुसता ऊस तोडल्याचा आवाज आला आणि कट.
चिठ्ठी दिली असेल का. दिली असेल तर दादांनी वाचून दाखवली, का खिशात ठेवली. गहिनीनाथ हसला असेल का. का दादांचीच तब्येत.
दादा, मी तिकडं यायला तयार आहे. महादेव सोडत नाही, पण तुम्ही ये म्हणालात तर सोडेल. नको म्हणालात तर नाही येणार. शिव्या द्या, गहिनीनाथच्या तोंडानं द्या, पण गप राहू नका. कुणाच्याही फोनवरून एक शब्द सांगा. लवकर सांगा. वहिनी रोज विचारतात, आणि आता त्यांना न्हाई बा म्हणता येत नाही.