पाच गुणांचा प्रश्न

ती. मामा,

'आपल्या देशातील लोकजीवनाचे वर्णन करा. (पाच गुण)' हा प्रश्न धड्याखाली मीच घातला होता आणि उत्तर मलाच येत नाही. असो, आधी नमस्कार. कंबर कशी आहे? (मामींना विचारून खरं तेच कळवा.)

पाठ्यपुस्तकासाठी मी लिहिलेला हा धडा आमच्या साहेबांना पसंत पडला तरच माझी नोकरी पक्की होणार, म्हणून तो तपासायला तुम्ही मला ट्रकमधून नेलंत आणि तीन ठिकाणी सोडून माल उतरवायला पुढे गेलात. मागे माझी काय फजिती झाली, ते परतताना लाजेने सांगितलं नाही. मी लिहिलं होतं, 'डोंगरातील लोक काटक असतात.' घाटातल्या पंक्चरवाल्यांना हे मोठ्याने वाचून दाखवलं. ते जॅकजवळून उठता उठता म्हणाले, "ताई, आधी हात द्या, गुडघा धरलाय. मग काटक लिहा." 'किनाऱ्यावरील लोक मासेमारी करतात' म्हणून समुद्रापाशी भेटलेल्या पहिल्याच गृहस्थांना भरती-ओहोटीवर सतरा प्रश्न विचारले. ते निघाले शिंपी, आणि होडीत पाय ठेवला की त्यांना उलटी होते. (तरी सतराही उत्तरं दिली आणि बोलता बोलता माझ्या पिशवीचा तुटलेला बंद शिवून दिला.) तिसरं वाक्य, 'कोरड्या प्रदेशातील लोक पाणी जपून वापरतात.' तिथल्या आजींनी मला दारातच बसवून अख्खा तांब्या पायांवर ओतला. मी ओरडलेच, "आजी, पाणी!" "अगं, दमून आलीस ना? जपायचं ते यासाठीच." (पायांखाली घमेलं होतं. ते पाणी मग भोपळ्याच्या वेलाला गेलं.)

घरातली पहिली पदवीधर म्हणून तुम्ही माझी ओळख करून देता तेव्हा मी ताठ बसते. पण तिन्ही ठिकाणी पदवी कुणी विचारली नाही. "तू कुणाची?" एवढंच विचारलं, आणि "ट्रकवाल्या मामांची भाची" म्हटल्यावर बसायला मिळालं. मामा, हे सगळं तुमच्यामुळे दिसलं. नवा धडा या तिघांचा आहे.

तुमची,
भाची

ता. क. धडा साहेबांना आवडला. फक्त म्हणाले, "लेखक म्हणून पदवीधराचंच नाव जाईल. तुमची नोकरी अजून कच्ची आहे, विसरू नका."

ता. क. २. पत्राचं खरं कारण हे: धड्यावर तुमचंही नाव घालायला परवानगी हवी आहे. "मी चौथी नापास" म्हणून तुम्ही नाहीच म्हणणार. म्हणून आज सकाळीच पाच गुणांचा प्रश्न खोडला, तुमचं नाव वर आणि माझं खाली लिहिलं, आणि धडा साहेबांच्या टेबलावर ठेवून आले.