कापायला ठेवलेला प्रसंग

बुडापेस्ट, ३ नोव्हेंबर १९८६

प्रिय इम्रे,

परवा कॅलेंडरात तुझ्या नावाचा दिवस, तुझा नामदिन, म्हणून आधीच शुभेच्छा. मी बरी आहे. आईही बरीच म्हणायची. शनिवारी बाबांच्या थडग्यावर शेवंती ठेवून आले, तुझ्या वाटची मेणबत्तीही लावली. आज सोमवार, टीव्हीचा सुट्टीचा दिवस, म्हणून लिहायला निवांत बसले आहे.

माझी नवी टीव्ही-फिल्म काल लागली. आमचा धंदा तुला ठाऊकच आहे. पटकथेत एक प्रसंग मुद्दाम टीव्हीच्या साहेबांना कापायला ठेवायचा. तो कापून त्यांची हौस फिटली, की बाकीचं सहीसलामत सुटतं. इतकी वर्षं याच युक्तीवर मी पोट भरलं. या वेळी चटकन डोळ्यांत खुपेल असं काहीतरी हवं होतं, म्हणून देश सोडून पळालेला मुलगा घरी परत येतो, असं लिहिलं. घाईतच लिहिलं. कापणारच होते, तर जीव कशाला ओतायचा?

विभागप्रमुख सेपेशींनी बोलावलं. "एतेल्काबाई, ते कारखान्याचं रडगाणं कापलंय मी. पोरगा परत येतो, तेवढं राहू दे."

"पण साहेब, तो पळालेला आहे."

"मग? येतोय ना परत? येऊ दे की."

म्हणजे करायला गेले एक आणि झालं भलतंच. मी हे हसत हसत आईला सांगितलं, ते सांगायला नको होतं. दुसऱ्याच दिवशी तिने अक्रोडाचं सारण भरून पोळी भाजली आणि शेजारणीचा हात धरून थेट सेपेशींची कचेरी गाठली. "साहेब, हिच्या गोष्टीतला येऊ शकतो, तर माझा का नाही?"

सेपेशी म्हणाले, "मावशी, मी कागदावरचीच माणसं पास करतो. पण तुमच्या मुलाने येण्यासाठी अर्ज तरी केलाय का?"

आईला उत्तर माहीत नव्हतं. मला माहीत आहे. त्यांच्यापुढे नाक घासणार नाही, असं तू दर पत्रात लिहितोस. नाक तुझं आहे, मी काय बोलणार.

एक कळवायचं राहिलंय. उन्हाळ्यापासून आईला दिसत नाही. डॉक्टर म्हणतात, हृदयही थकलंय, वसंतापर्यंतची ते खात्री देत नाहीत.

काल ती टीव्हीला चिकटून बसली होती. दार वाजलं, मुलगा आत आला, तशी म्हणाली, "कसा दिसतोय गं?" पडद्यावर एक गुबगुबीत नट होता. मी तुझंच वर्णन केलं: उंच, केस विरळ झालेले, फोटोतला तो तपकिरी कोट.

"वाळलाय," आई म्हणाली. "बस म्हणावं त्याला." आणि उठून, चाचपडत सूप गरम करायला गेली. मी अडवलं नाही. तिने तीन थाळ्या मांडल्या.

मला तुझा राग येतो, इम्रे, आणि तुझी फार आठवण येते. तिथल्या आपल्या वकिलातीत जा, परत येण्याचा अर्ज दे. नाकारला तर नाकारला. पण तिला सांगायला माझ्याकडे एक तरी खरी गोष्ट असू दे.

काल तुझ्या वाटचं सूप मीच प्यायले.

तुझी ताई,
एतेल्का