पांढरी पानं

प्रिय लायनेल,

‘प्रिय’ सवयीने लिहिलंय, हुरळून जाऊ नकोस. तुला जीवनगौरव पुरस्कार मिळणार, हे पेपरात वाचलं. फोटोत तो मफलर काय, ते दूर कुठेतरी बघणं काय! मुलाखतही वाचली. ग्रिम्स्बीच्या मासळी कारखान्यातल्या बायांवरची मालिका तू म्हणे ‘आईच्या आठवणींतून’ लिहिलीस. अरे, तुझ्या आईचं चेल्टनमला टोप्यांचं दुकान होतं! मासा तिने पाहिला तो ताटात, लिंबाच्या फोडीसकट. हेरिंग मासे चिरून चिरून बोटं फाटलेली बाई माझी आई होती.

तू पटकथाकार आणि मी त्या टीव्ही कंपनीची पगारी पटकथा-संपादक. आमच्या जमातीने दुसऱ्याचं लिखाण सुधारायचं, वेळ पडली तर अख्खं नव्याने लिहायचं, पण नाव मागायचं नाही, असा तिथला रिवाज. मी तो पाळला. तुझा पहिला खर्डा पांढऱ्या कागदावर यायचा आणि त्यात कारखान्यातल्या बाया प्रवचनं झोडायच्या. मालिकेतल्या नोराचं काम करणारी नटी पेगी तर वाचून म्हणाली होती, “थेल्मा, राणी, ही बाई मासे चिरते की संसदेत निवडून आलीय?” मग मी बदललेली पानं रंगीत कागदांवर निघायची, आधी निळी, मग गुलाबी, मग पिवळी. चित्रीकरणाच्या दिवशी पांढरं पान औषधालाही सापडत नसे. तू तेव्हा कँटीनमध्ये चहा ढोसत कलावंताच्या यातनांवर बोलायचास. आणि मी बावळट तुझ्या प्रेमात होते. ती माझीच अक्कल, तुझ्या माथी मारत नाही.

पण विद्यापीठाला कागदपत्रं दान करताना तू जी अक्कल पाजळलीस, तिला तोड नाही. रंगीत पानं तेवढी निवडून फेकलीस आणि पांढरी ऐटीत पाठवलीस, अस्सल मूळ लिखाण म्हणून! तिथे कागदपत्रं सांभाळणारी निया प्राइस, वेल्सची पोरगी, भलती चिकट. तिने मालिका लावली आणि तुझी पानं समोर धरली. सहा भागांत अकरा वाक्यं जुळली, त्यातली चार ‘आत या’ होती. मग ती माझ्याकडे आली. नोरा मेलेल्या नवऱ्याचा सदरा धुऊन, इस्त्री करून पुन्हा खुंटीला अडकवते, तो प्रसंग कुणाचा, असं तिने विचारलं. बाबा गेल्यावर माझ्या आईने वर्षभर दर सोमवारी हेच केलं होतं. पलंगाखालून पेटी ओढली आणि माझ्याकडच्या रंगीत पानांच्या प्रती नियाच्या हवाली केल्या.

परवा तुझं पाकीट आलं. नियाचं पत्र पोचल्यावर पुरस्कार समितीने तुला खुलासा मागितलाय, म्हणून मी सही करायचा हा कागद: ‘थेल्मा ग्रेंजर टायपिस्ट होती, मी सांगितलं तेवढंच तिने टंकलं.’ सोबत चिठ्ठी, “एवढं कर गं, या वयात माझी अब्रू जाईल.” खरं सांगते, वाईट वाटलं. पाचेक मिनिटं. मग कागद पुन्हा वाचला. किती बोजड लिहितोस रे अजून! राहवलं नाही, लाल पेन घेतलं आणि सुधारला. आता त्यात असं आहे की सहाही भाग थेल्मा ग्रेंजरने लिहिले आणि लायनेलला ते पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. एक प्रत समितीकडे गेलीय. दुसरी सोबत आहे, खाली फुली मारलीय तिथे सही कर.

तुझी टायपिस्ट कधीच नसलेली,
थेल्मा