पलंग सपाट केला

प्रिय राहेलताई,

प्रभू तुला धीर देवो. ही चिठ्ठी शिरूरच्या एसटीच्या ड्रायव्हरकडं देतोय, कारण फोनवर मला हे बोलता येईना.

आधी चांगलं सांगतो. चावलेल्या मण्यारीचं विष उतरतंय, पप्पांनी काल डोळे उघडले. इथं दवाखान्याबाहेर, दौंड स्टेशनाजवळ चहा फक्कड मिळतो, आलं ठेचून... असो.

व्हेंटिलेटरवरच्या पेशंटचा पलंग डोक्याकडून उंच ठेवत्यात. मला वाटलं, जन्मभर उशीबिगर जमिनीवर झोपलेला माणूस, मान अवघडली असंल. सिस्टर जेवायला गेल्यावर मी हँडल फिरवून पलंग सपाट केला. आल्यावर ती ओरडली, "अक्कल हाय का? तोंडातली घाण फुप्फुसात उतरती, न्यूमोनिया होतो!"

दोन दिवसांनी ताप आला. न्यूमोनियाच निघाला. डॉक्टर म्हणाले, घशात नळी असली की तसाही होतो, तुझ्यामुळंच झाला असं न्हाई. पण आज म्हणाले, खात्री देत न्हाई, घरच्यांना बोलवून घ्या.

आई जेवती का? तिला घेऊन सकाळच्या गाडीनं ये. पलंगाचं तू सांगू नको, मीच सांगीन. तिनं मारलं तरी ह्या वेळी लहानपणासारखा पळून जाणार न्हाई.

तुझा भाऊ,
एबू