तिसऱ्या बेसमागची माझी जागा

२१ मार्च, शुक्रवार. श्रूजबरी, अमेरिका.
आजपासून ठरवलं. कुणाच्या कामात लुडबुड करायची नाही. डॉक्टरांचंही तेच म्हणणं आहे, फक्त ते त्याला बीपी म्हणतात.
देवांगची काळजी वाटते. माझा एकुलता एक नातू. इथेच जन्मला, इथेच वाढला आणि आता कॉलेजच्या मुलांना बेसबॉल शिकवतो. दुसरं काही नाही, तेवढंच. त्याचा पगारही मिळतो. माझा मुलगा संजीव कॉम्प्युटरमध्ये आहे. देवांग काय करतो असं कुणी विचारलं की तो म्हणतो, एज्युकेशनमध्ये आहे.
देवांगची टीम दोन वर्षं तळाला आहे. कॉलेजच्या स्पोर्ट्स डायरेक्टरबाईंनी सांगितलंय, यंदा प्लेऑफला गेली नाही तर करार संपला. संजीवने मित्राच्या ऑफिसात त्याच्यासाठी खुर्ची बघून ठेवली आहे. देवांग खुर्चीत बसणारा नाही. मुंजीत पाटावरसुद्धा बसेना.
उद्या मॅच. मी नुसता बघणार.

२२ मार्च, शनिवार.
हरलो. अ‍ॅल्युमिनियमचा बाक, म्हणजे बर्फाच्या लादीवर बसल्यासारखंच.
चूक माझी. बैठक चुकली. मॅचमध्ये बैठकीला काय महत्त्व असतं हे इथे कुणाच्या गावीही नाही. त्र्याऐंशीचा वर्ल्ड कप मी फलटणच्या एस.टी. कॉलनीत डावा पाय दुमडून आणि उजवा हात कानाला लावून जिंकला. ही दूध बंद करायला उठत होती. उठू दिलं नाही. पातेलं जळलं, कप आला. पुढे आयुष्यभर तिने पातेल्याचंच काढलं.
जेवताना देवांगला समजावून सांगितलं. म्हणाला, आबा, दॅट्स नॉट अ थिंग. सूनबाई, म्हणजे प्रीता, म्हणाली, आबा, मोजे दोन घालत जा.

२५ मार्च, मंगळवार.
जागा सापडली! तिसऱ्या बेसच्या मागे, जाळीला लागून. डावा पाय दुमडला, हात कानाला. आठ इनिंग हललो नाही. आपण मागे होतो, पण मी धीर सोडला नाही.
नवव्या, म्हणजे शेवटच्या इनिंगला मात्र जावं लागलं. या वयात सांगून येत नाही. टॉयलेट पार जिमच्या पलीकडे. परत येतो तर पोरं एकमेकांच्या अंगावर उड्या मारतायत. मधल्या वेळात पाच रन काढून जिंकलो!
आठ इनिंग मी पाया घातला, नवव्यात इमारत उभी राहिली. शिवाय तिथेही मी डावा पाय जमेल तेवढा दुमडून ठेवला होता.

२९ मार्च, शनिवार.
दोन मॅच, दोन्ही हरलो. पूर्ण वेळ जागेवर होतो, म्हणजे बैठकीचा दोष नाही. शेजारच्या बाईंनी कुत्रा आणला होता. तो सारखा माझ्याकडे बघत होता.

५ एप्रिल, शनिवार.
आठव्या इनिंगला हरत होतो. टीमचा कॅचर टायलर, कपाटाएवढा मुलगा, स्वतः जाळीपाशी आला. सर, माझ्यासाठी कॉफी आणाल का? मी म्हटलं, ऑफ कोर्स. कॉफीला ही मोठी लाइन. येईपर्यंत मॅच जिंकून संपली होती. कॉफी त्याने घेतलीच नाही. मला वाटतं तो कॉफी पीत नाही.

६ एप्रिल, रविवार.
आज टायलरने विचारलं, सर, आमची लायब्ररी बघितलीत का? मग नोआने विचारलं, तळ्यातली बदकं बघितलीत का? नोआ म्हणजे पिचर, बॉल टाकणारा. गरीब स्वभावाचा आहे. दोन्ही बघून आलो. जिंकलो.
इथल्या तरुण पिढीला लोक उगाच नावं ठेवतात. वडीलधाऱ्यांना इतका मान फलटणला राहिलेला नाही.

१२ एप्रिल, शनिवार.
मी स्टाफमध्ये! देवांगने सकाळी जर्सी दिली. नंबर शून्य-शून्य. आणि शिट्टी. पार्किंगचा पूर्ण चार्ज माझ्याकडे. म्हणाला, आबा, ओन्ली यू कॅन डू धिस.
खरंच आहे. मी आठवी शिकलो, पण तीस वर्षं फलटण डेपोत कंट्रोलर होतो. माझ्या शिट्टीशिवाय गाडी फलाटावरून हलली नाही.
पार्किंग जिमच्या मागे आहे, मैदान दिसत नाही. हरकत नाही. कंट्रोलरला सुटलेली गाडी दिसते, पोचलेली दिसत नाही. सवय आहे. पाय मात्र दुमडून ठेवला. एका पायावर उभं राहून शिट्टी मारणं सोपं नाही.
जिंकलो.

१९ एप्रिल, शनिवार.
सगळ्या गाड्या फलटण पद्धतीने लावल्या: मागून आत, तोंड बाहेर, मध्ये जागा वाया नाही. अंपायरची गाडी मानाने कोपऱ्यात घेतली आणि तिच्यापुढे पाहुण्या टीमची बस लावली. मॅच संपल्यावर बसचा ड्रायव्हर सापडेना. पिझ्झा खायला गेला होता. अंपायर बराच वेळ माझ्यासमोर येरझाऱ्या घालत होता. तापट माणूस. त्याला म्हटलं, एका पायावर उभे राहा, बरं वाटतं. त्याने येरझाऱ्या वाढवल्या.
पुन्हा जिंकलो. संजीवने ऑफिसातून फोन केला. आबा, तुम्ही पार्किंगमध्येच असता ना? मैदानात जात नाही ना? नक्की ना? माझ्या नोकरीची त्याने इतकी आस्थेने चौकशी आजवर कधी केली नव्हती.

३ मे, शनिवार.
जिंकत जिंकत इथवर आलो. उद्याची मॅच जिंकली की प्लेऑफ. हरलो तर देवांग त्या खुर्चीत. आज तो जेवला नाही. नुसता दहीभात चिवडत होता. लहानपणी पडला की असाच गप्प व्हायचा.
निश्चय: उद्या काहीही झालं तरी पार्किंग सोडायचं नाही.
पुन्हा लिहितो. सोडायचं नाही.

४ मे, रविवार. दुपारी, प्रीताच्या गाडीत बसून.
पार्किंग सोडलं. कारण देतो.
एक गृहस्थ गाडीतला गॉगल न्यायला आले. त्यांनी कुजबुजत सांगितलं की सात इनिंग झाल्या, नोआचा एकही बॉल समोरच्यांना धड मारता आलेला नाही. असं वर्षानुवर्षांत एखाद्या वेळी घडतं. सगळ्या गाड्या लागून झाल्या होत्या. म्हटलं, एकदाच डोकावतो.
बघतो तर नोआ बाकावर एकटा. त्याच्याजवळ कुणी बसत नाही, त्याच्याशी कुणी बोलत नाही. टायलरने मला पाहिलं आणि त्याचा चेहरा पांढरा पडला. मी काय ते ओळखलं. दृष्ट लागेल म्हणून भ्यायली होती पोरं! या लोकांना रोग कळतो, पण औषध म्हणून गप्प बसण्यापलीकडे काही ठाऊक नाही.
मीठ, मोहरी आणि लाल मिरच्या मार्चपासून माझ्या खिशातल्या डबीत आहेत. प्रीताला वाटतं बडीशेप आहे. नोआवरून उतरवून टाकलं. तो सर, सर, प्लीज, म्हणत होता. लाजाळू मुलगा. जाळीबाहेर पालकांची हॉटडॉगची शेगडी पेटलेली होती, तिच्यात सगळं टाकलं.
वारा मैदानाकडे होता.
आधी टायलर खोकला. मग दोन्ही टीम. मग अंपायर. तोच, कोपऱ्यातल्या गाडीचा. मी आनंदाने ओरडलो, गुड न्यूज! कारण दृष्ट असती तर ठसका आलाच नसता. एवढा ठसका आला, म्हणजे दृष्ट नव्हतीच! देवांगला म्हटलं, हे त्यांना इंग्लिशमध्ये सांग. त्याने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं होतं.
अंपायरने माझ्याकडे बोट करून हात असा फेकला, जसा आमचा डेपो मॅनेजर फेकायचा. बाहेर. देवांग म्हणाला, आबा, गो. कार. नाऊ. मग मराठीत म्हणाला, आबा, माझ्यासाठी.
म्हणून गाडीत बसलोय. काचा वर. जाता जाता ऐकू आलं, डोळे पुसत नोआने टाकलेला पहिलाच बॉल त्यांनी कुंपणापार मारला. बरोबरी झाली.
पाय दुमडलेला नाही. हात कानाला नाही. काहीच करत नाहीये. गेल्या सत्तर वर्षांत इतकं काहीच न करण्याचं काम मला कुणी दिलं नव्हतं.

तोच दिवस, जरा वेळाने.
आरडाओरडा झाला. प्रीता धावत आली, काचेवर थापा मारायला लागली. आबा, जिंकलो! आबा, उतरू नका!
नोआ खिडकीशी आला. डोळे लाल. म्हणाला, इट्स ओके, सर. मी त्याच्यावरून पुन्हा एकदा उतरवणार होतो. डबी रिकामी होती.

१० मे, शनिवार.
डायरेक्टरबाईंनी देवांगला तीन वर्षांचा करार दिला. संजीव आज फोनवर कुणालातरी सांगत होता, माझा मुलगा बेसबॉल कोच आहे. माझ्यासमोर.
आणि माझा सत्कार झाला! मैदानात, सगळ्या टीमसमोर. माझी शून्य-शून्य नंबरची जर्सी कुंपणावर उंच टांगली. देवांगने इंडियन स्टोअरमधून नारळ आणला होता, आणि शाल मिळाली नाही म्हणून कॉलेजचं ब्लँकेट. ते त्याने माझ्या खांद्यावर घातलं. टायलर तर रडलाच. मी दोन शब्द बोललो. प्लेऑफमध्ये पार्किंगची गर्दी वाढेल, त्याची योजना सांगितली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, फार वेळ. मग देवांगने हळूच हात पुढे केला. आबा, शिट्टी?
दिली. धुवायची असेल.
घरी प्रीताला विचारलं, जर्सी टांगण्याची ही काय पद्धत? ती म्हणाली, आबा, सगळ्यात मोठा मान असतो हा. जर्सी रिटायर करतात. तो नंबर आता कुणीही घालायचा नाही.
मी विचारलं, मीसुद्धा?
तिने गॅस बारीक केला. म्हणाली, आबा, चहा टाकू?
फलटण डेपोत निरोपाचं शाल-श्रीफळ मिळालं, त्याच्या दुसऱ्या दिवशी मी नेहमीप्रमाणे सकाळच्या ड्युटीवर गेलो होतो. माझ्या खुर्चीत बसलेल्या शिंदेनेही आधी चहाच विचारला होता.