मी खरवडलेलं नाक

मी, वय वर्षे बहात्तर, फोटो स्टुडिओतील निवृत्त रिटचर, म्हणजे फोटोतले चेहरे सुधारून देणारी, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने, कोणीही कानाशी न लागता लिहीत आहे. डोकं ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. भावजयीला शंका येणारच.

१. राहतं घर आणि बँकेतली ठेव पुतणीला, विनाअट. "ऑपरेशन केलंस तर काही मिळणार नाही," असं लिहायचं होतं. वकील म्हणाले, "बाई, धमकी द्यायची तर वेगळा कागद घ्या."

२. भावजयीला माझा मोठा आरसा. पुतणीच्या सोळाव्या वाढदिवसाला भावजय पाहुण्यांसमोर म्हणाली, "बाकी छान आहे हो, नाक तेवढं आमच्या वन्संचं घेतलं." पोर ताटावरून उठली. भावजयीने रोज आपलं तोंड आरशात पाहावं, विशेषतः ते उघडं असताना.

३. माझा गुन्हा मोठा आहे. त्याच वाढदिवसाला मी पुतणीचा फोटो काढला आणि निगेटिव्हवर पात्याने नाकाच्या दोन्ही कडा खरवडल्या. माझ्या कॉन्व्हेंट शाळेत सिस्टर आरशापुढे रेंगाळण्याला पाप म्हणायच्या. मी तेच पाप लोकांच्या चेहऱ्यांवर चौतीस वर्षं पगार घेऊन केलं. फोटो पाहून ती म्हणाली, "आत्या, मी अशी दिसते?"

"दिसतेसच की!" मी म्हटलं.

तोच फोटो घेऊन ती सर्जनकडे जाते. हनुवटी झाली, पापण्या झाल्या. पापण्यांच्या वेळी भुलीतून वेळेवर उठली नाही. चार तास मी बाकावर बसून दाराकडे पाहत होते. नाक अवघड म्हणून शेवटी ठेवलं होतं. ते येत्या गुरुवारी. "या वेळी अगदी फोटोसारखं होईल, आत्या." फोटोतल्या नाकाला श्वास घ्यायचा नसतो, हे तिला कोण सांगणार?

४. वकिलांनी याची प्रत मी मेल्यावर नव्हे, बुधवारी दुपारच्या आत तिच्या हातात द्यावी. ती माझ्याआधी गेली, तर हा कागद रद्दी आहे.

५. पातं, पेन्सिली, भिंग आणि ती निगेटिव्हही तिलाच. बाळ, उजेडासमोर धरून बघ. मी तीन दिवस पेन्सिलीने कडा भरत होते, जमलं नाही. खरवडलेलं परत येत नाही. ते नाक आता दोनच चेहऱ्यांवर उरलं आहे, आणि त्यातला एक बहात्तर वर्षांचा आहे.

साक्षीदार: वरच्या मजल्यावरचे निवृत्त पोस्टमास्तर (सही), तळमजल्यावरच्या शिवणकामवाल्या बाई (सही). बाईंनी विचारलं, "ऐकेल का हो ती?" उत्तराची जागा कोरी ठेवली आहे.

स्थळ: माझ्या स्वयंपाकघरातलं टेबल. सोमवार, तारीख नऊ. ऑपरेशन बारा तारखेला, सकाळी सातला.

(सही) आत्या