दाराचं मूळ कारण

३ जुलै, बुधवार
आमच्या मुलाच्या, संघर्षच्या खोलीचं दार बंद होत नाही. लग्न होऊन दोन महिने झाले, सूनबाईंना आज सांगावंसं वाटलं. दीक्षा म्हणाली, आई, सुतार बोलवू या का? म्हटलं, कशाला? चाकणच्या कंपनीत जन्मभर क्वालिटी सांभाळली, वाकडा पार्ट कधी पुढे जाऊ दिला नाही. दार ते काय! रविवारी ओके करून देते. तोवर पडदा लावा. घरात परकं कोण आहे?

९ जुलै
रविवारी जमलं नाही. आधी निरीक्षण. त्यासाठी सारखं आतबाहेर करावं लागतं. आज दीक्षाची लॅपटॉपवर मीटिंग चालू असताना मागे बिजागऱ्या तपासल्या. स्क्रीनवरून तिचे साहेब हॅलो आंटी म्हणाले. मीही जय भीम घातला. सभ्य वाटले. नंतर दीक्षा लॅपटॉप घेऊन स्वयंपाकघरात जाऊन बसली. कामाचा ताण असणार.

१४ जुलै, रविवार
कंपनीच्या पद्धतीनं गेले. पाचदा ‘का’ विचारायचं, मूळ कारण सापडतंच. दार बंद का होत नाही? घासतं. का? फुगलंय. का? ओल धरली. का? वर ओला टॉवेल असतो. का? दीक्षा टाकते. सापडलं!
जेवताना जाहीर केलं. हे म्हणाले, तुमच्या क्वालिटीवाल्यांचं पाचवं ‘का’ नेहमी ऑपरेटरवरच येऊन थांबायचं. यांचा जन्म कारखान्यात लेथ मशीनवर गेला, ऑफिसवरचा राग काही जात नाही.
दीक्षा म्हणाली, टॉवेल संघर्षचा असतो. मग गोष्ट वेगळी. त्याची लहानपणापासूनची सवय आहे.

२१ जुलै, रविवार
रहिमान सुताराला बोलावलं. फक्त हात त्याचे, डोकं माझं. पेन्सिलीनं खुणा केल्या. वरून रंधा, बाजूनं रंधा, खबरदारी म्हणून खालूनही. तो प्रत्येक वेळी म्हणाला, मॅडम, तुम्ही म्हणाल तसं. हल्ली असे कारागीर मिळत नाहीत.
दार अगदी मोकळं झालं. कडी चौकटीपर्यंत पोचत नाही, एवढंच. पंखा लावला की आपोआप उघडतं. किरकोळ रिवर्क आहे.
रात्री संघर्ष म्हणाला, आई, महिनाअखेरपर्यंत दार लागलं नाही तर आम्ही पुनावळ्याला भाड्यानं जातो. दारासाठी कोणी घर सोडतं का? ऑफिसला जाताना हिंजवडीच्या ट्रॅफिकला कंटाळलाय बिचारा.

२९ जुलै, सोमवार
काल चौकटीला लाकडी पट्ट्या ठोकल्या. स्वतः. रात्री दार घट्ट लागलं. शंभर टक्के ओके.
सकाळी उघडेना. दोघं आत. खाली त्यांच्या ऑफिसची कॅब हॉर्न मारतेय. शेजारच्या शालनबाई धावत आल्या, म्हणाल्या, अगं बया, सून कोंडलीस व्हय? म्हटलं, टेस्टिंग चालू आहे. आतून हाक नाही, आरडाओरडा नाही. उलट दोघांच्या हसण्याचा आवाज. आजच्या पिढीला परिस्थितीचं गांभीर्यच नाही.
शेवटी यांनी पहारीनं पट्ट्या उचकटल्या. दार पुन्हा होतं तसं. निदान घर फुटलं नाही.

४ ऑगस्ट, रविवार
टेम्पो आला. सामान गेलं. जाताना दीक्षा पाया पडली, म्हणाली, आई, येत जा हं, फक्त आधी फोन करा. जबाबदार मुलगी आहे. ते घरी नसले तर मला उगाच हेलपाटा पडू नये, म्हणून सांगितलं असणार.
हे संध्याकाळी त्या खोलीत बसले होते. दारावर माझा एक शब्दही ऐकून घेतला नाही.

१८ ऑगस्ट, रविवार
पुनावळ्याला जाऊन आले. फोन केला नाही. इन्स्पेक्शन सांगून करायचं नसतं.
सातव्या मजल्यावरचा फ्लॅट. दार बघितलं. फट नाही, घासत नाही, कुलूप आपोआप लागतं. बिल्डरची नशिबानं एक गोष्ट चांगली निघाली. संघर्षकडे जादा किल्ली मागितली. तो म्हणाला, आई, बेल वाजव ना.
बेलमध्ये मात्र दोष आहे. मी वाजवल्यावर आत टीव्ही बंद झाला, कुजबूज झाली, नंतर सगळं शांत. बऱ्याच वेळानं दार उघडलं. आवाज आत नीट पोचत नसणार.
पुढच्या रविवारी रहिमानला घेऊन जाते.